क्रमांकाची कसोटी

कुकडी प्रकल्पाच्या पाच धरणांपैकी ज्या धरणातून डावा कालवा निघून पारनेर, श्रीगोंदा, कर्जत आणि थेट करमाळ्याच्या शिवारापर्यंत पाणी नेतो, त्या येडगावच्या आसपास, जुन्नर आणि आंबेगाव तालुक्यांच्या बागायती पट्ट्यात, टोमॅटोचे किंवा द्राक्षाचे प्लॉट ऐन भरात आले की त्यांच्या बांधांवर प्रात्यक्षिकांचे फलक उभे राहू लागतात, आणि त्या फलकांवर वाणाचे, खताचे वा औषधाचे नाव काहीही असो, ठळक अक्षरांत मिरवणारा आकडा बहुधा एकाच जातीचा असतो : सरासरी उत्पादनात इतके टक्के वाढ. हा आकडा खोटाच असतो असा माझा आरोप नाही. बेरीज आणि भागाकार बहुतेक वेळा बिनचूक असतात. माझी तक्रार अशी आहे की, किती प्लॉटांवरून ही सरासरी काढली, ते प्लॉट कोणी आणि कसे निवडले, आणि वाढ सर्वांच्या वाट्याला आली की एकट्यादुकट्याच्या, या तीन प्रश्नांपैकी एकाचेही उत्तर त्या आकड्यात नसते, आणि शेतकरी मात्र त्याच्याच भरवशावर सोसायटीचे कर्ज उचलून पुढच्या हंगामाचा खर्च ठरवितो.

शेतीच्या व्यवहारात सरासरी फसवी ठरते याचे कारण शेतीच्या स्वभावातच आहे. 2023 सालच्या जुलैत नारायणगावच्या बाजारात टोमॅटोच्या क्रेटचा भाव दोन हजार रुपयांच्या पलीकडे गेला, आणि त्याच वर्षी पावसाळा सरता सरता तोच टोमॅटो तोडणीचा व वाहतुकीचा खर्चही सुटेना म्हणून राज्यात ठिकठिकाणी रस्त्यावर ओतला गेला. अशा वर्षाची सरासरी काढली तर जो भाव हाती येतो, तो फार थोड्या शेतकऱ्यांच्या पट्टीवर प्रत्यक्ष लिहिला गेला असेल. उत्पादनाचीही तीच गत आहे : चारीच्या तोंडाशी असलेले भारी जमिनीचे वावर आणि चारीच्या शेपटाला पडलेले हलके रान यांना एकाच सरासरीत कोंबले, की एखादा असामान्य प्लॉट उरलेल्या सर्वांच्या नावाने बोलू लागतो.

उदाहरणादाखल एक कल्पित प्रयोग पाहू. दहा प्लॉट घेतले, चिठ्ठ्या टाकून पाचांना जुने खत दिले आणि पाचांना नवे. जुन्या खताच्या प्लॉटांत एकरी 21, 23, 24, 26 आणि 27 टन माल निघाला. नव्या खताच्या प्लॉटांत 20, 22, 25, 28 आणि 46 टन. जुन्याची सरासरी 24.2, नव्याची 28.2, म्हणजे सोळा टक्क्यांहून अधिक वाढ, आणि फलक रंगवायला कोणाचीही हरकत नाही. आता हेच दहा आकडे लहानापासून मोठ्यापर्यंत एका ओळीत मांडून त्यांना 1 ते 10 असे क्रमांक द्यावेत. नव्या खताच्या वाट्याला 1, 3, 6, 9 आणि 10 हे क्रमांक येतात. त्यांची बेरीज 29. नव्या खतात काहीही विशेष नाही असे क्षणभर गृहीत धरले, तर दहांपैकी कोणतेही पाच क्रमांक सारख्याच शक्यतेने त्याच्या वाट्याला यावेत. असे पाच निवडण्याचे एकंदर 252 प्रकार होतात, आणि त्यांपैकी 106 प्रकारांत बेरीज 29 किंवा तिच्याहून अधिक भरते. म्हणजे खतात काडीचाही गुण नसताना शंभरांत बेचाळीस वेळा एवढे यश केवळ चिठ्ठीच्या कृपेने पदरात पडावयाचे. सोळा टक्क्यांचा सगळा डौल त्या एका 46 टनांच्या प्लॉटाचा होता, आणि क्रमांकांच्या लेखी तो प्लॉट 46 चा असो की 146 चा, त्याचे स्थान दहावेच.

उलट पक्षी, नव्या खताचे पाचही प्लॉट वरच्या पाच स्थानांवर बसले असते, तर बेरीज 40 झाली असती, आणि तसा प्रकार 252 मध्ये केवळ एक असल्याने योगायोगाची सबब पुढे करणे कोणालाही जड गेले असते. क्रमांकांवर आधारलेली परिकल्पनेची परीक्षा म्हणतात ती हीच. तिला पाटी, पेन्सिल आणि बेरीज यांपलीकडे काही लागत नाही. ही रीत 1945 साली चार पानांच्या एका लेखात मांडणारे फ्रँक विल्कॉक्सन हे व्यवसायाने रसायनशास्त्रज्ञ असून कीटकनाशके व बुरशीनाशके यांच्या तपासणीत गुंतलेले होते, आणि आकडेमोड झटपट उरकावी हाच त्यांचा मुख्य हेतू होता, ही गोष्ट फवारणीवर हंगामाचे भवितव्य टांगून ठेवणाऱ्या आपल्या पट्ट्याने लक्षात ठेवण्याजोगी आहे. दोन वर्षांनी मान आणि व्हिटनी यांनी तिला गणिती बैठक दिली.

याच हिशेबाने बांधावरच्या नेहमीच्या प्रात्यक्षिकाची झडती घ्यावी. एक प्लॉट नव्याचा आणि शेजारचा एक जुन्याचा, असे प्रात्यक्षिक असेल तर नवा वरचढ ठरण्याची शक्यता खतात गुण नसतानाही निम्मी असते. दोनास दोन घेतले तरी सहांत एकदा हा योग येतो. तीनास तीन घेतले तर विसांत एकदा. चारास चार घेतले म्हणजे मात्र सत्तरांत एकदा. सबब, ज्या प्रात्यक्षिकात दोन्ही बाजूंना चार-पाच प्लॉटही नाहीत, त्याने शेतकऱ्याची खातरजमा करण्याचा दावाच करू नये. ती जाहिरात आहे, प्रयोग नव्हे.

येथे चिठ्ठीचे महत्त्व विशेष आहे, कारण वरचा सगळा हिशेब तिच्यावरच उभा आहे. नवे खत चारीच्या तोंडाला आणि जुने शेपटाला, अशी वाटणी केली तर क्रमांक खताची परीक्षा न घेता पाण्याची घेतील. पिकाची मोजणी ही किती नाजूक बाब आहे हे ज्यांनी देशाला शिकविले, त्यांत सातारा जिल्ह्यातील बुध गावी 1911 साली जन्मलेले पांडुरंग वासुदेव सुखात्मे यांचे स्थान फार वरचे आहे. कापणीसाठी अगदी लहान तुकडा आखला तर त्याच्या सीमेवरची झाडे नकळत आत ओढली जातात आणि उत्पादन वास्तवाहून फुगून दिसते, हे त्यांनी प्रशांतचंद्र महालनोबीस यांच्यासारख्या धुरंधराशी वाद घालून प्रतिपादिले. आणि विनायक गोविंद पानसे यांच्या सहकार्याने शेतकी संशोधकांसाठी सांख्यिकीचा जो ग्रंथ 1954 साली सिद्ध केला, तो पुढे कित्येक पिढ्यांच्या हाती राहिला. ही विद्या आपल्याकडे परकी नाही, आणि पुणे विद्यापीठात वसंत शंकर हुजूरबाजार यांनी उभारलेल्या सांख्यिकी विभागात जयंत देशपांडे, अनिल गोरे यांच्यासारख्यांनी या क्रमांकाधारित पद्धतींचा व्यासंग पुढे चालविला. उणीव आहे ती एवढीच, की येडगावच्या बांधापर्यंत ती पोहोचविण्याची तजवीज झालेली नाही.

आपल्या महसुली दफ्तरालाही या विचाराची गरज आहे. रुपयाचे सोळा आणे होते त्या काळापासून चालत आलेली आणेवारी आज पैसेवारी म्हणून ओळखली जाते. आधी नजरअंदाज, मग सुधारित आणि शेवटी अंतिम, अशा पायऱ्यांनी गावाच्या पिकाला शंभर पैशांत किती दर्जा द्यावयाचा ते ठरते, आणि पन्नास पैशांची रेघ ओलांडली की नाही यावर टंचाईच्या सवलती अवलंबून राहतात. अनुभवी तलाठ्याची नजर या गावचे पीक त्या गावापेक्षा खाली आहे एवढे नि:संशय सांगू शकते. पण एकोणपन्नास आणि एक्कावन्न यांतला भेद ती सांगू शकते असे मानणे म्हणजे क्रम लावणाऱ्या नजरेकडून तराजूचे काम घेणे होय.

सांख्यिकीच्या शास्त्रातही अशीच एक रेघ आहे. शंभरांत पाचांहून कमी वेळा योगायोगाने घडणारी गोष्ट ती सार्थक, हा दंडक रोनाल्ड फिशर यांनी 1925 च्या आपल्या ग्रंथात सोयीचा म्हणून वापरला, आणि अनुयायांनी त्याचे फर्मान बनविले. पुढे 1956 साली फिशर यांनीच अशी कायमची मर्यादा पाळणे शास्त्राला शोभत नाही असे बजावले, तरी रेघ काही पुसली गेली नाही. चार टक्के निघाले की खत मंजूर आणि सहा निघाले की नामंजूर, हा न्याय पन्नास पैशांच्या न्यायाहून अधिक शहाणपणाचा नाही. तसेच, परीक्षेत फरक दिसला नाही म्हणजे फरक नाहीच असेही सिद्ध होत नाही. प्लॉट थोडे असतील तर खरा गुणही झाकलेला राहतो. म्हणून निकालाबरोबर टक्का जसाच्या तसा छापावा आणि फैसला वाचणाऱ्यावर सोपवावा.

कोणी म्हणेल की बाजारात टन विकले जातात, क्रमांक विकले जात नाहीत, आणि 46 टनांचे मोल केवळ दहावे स्थान म्हणून करणे हा त्या शेतकऱ्याच्या कष्टांवर अन्याय आहे. हा आक्षेप वजनदार आहे, आणि म्हणूनच क्रमांकांनी सरासरीला हद्दपार करावे असे मी म्हणत नाही. गुण आहे की नाही याचा निवाडा क्रमांकांकडून घ्यावा, आणि असल्यास किती, हे टनांत सांगावे. शिवाय आमच्या उदाहरणात सर्वांत वरचा आणि सर्वांत खालचा, दोन्ही प्लॉट नव्या खताचेच आहेत. तेव्हा त्याने सरासरीपेक्षा जोखीमच वाढविली नाही ना, हाही प्रश्न विचारला पाहिजे, आणि त्यासाठीही बी. व्ही. सुखात्मे या दुसऱ्या सुखात्म्यांनी 1957 साली क्रमावर आधारलेली कसोटी दिलेली आहे. क्रमांक घेतल्याने माहिती वाया जाते ही भीती तर फारच अतिरंजित आहे : आकडे अगदी आदर्श घंटाकृती असले तरी सरासरीच्या नेहमीच्या कसोटीला शंभर प्लॉटांत जे कळते, ते क्रमांकांच्या कसोटीला सुमारे एकशे पाचांत कळते, आणि हॉजेस व लेमान यांनी 1956 साली दाखविल्याप्रमाणे वितरणाचा आकार कोणताही असला तरी ही संख्या एकशे सोळांच्या पुढे जात नाही. आकडे आमच्या शेतीसारखे एका बाजूला कललेले असतील तर पुष्कळदा क्रमांकच सरस ठरतात.

तेव्हा मागणी साधी आहे. जिथे सरकारी पैसा खर्च होतो अशा प्रत्येक प्रात्यक्षिकात कृषी खात्याने दोन्ही बाजूंना निदान पाच-पाच प्लॉट घ्यावेत, वाटणी गावासमोर चिठ्ठ्या टाकून करावी, आणि प्लॉटनिहाय आकडे ग्रामपंचायतीच्या फलकावर लावावेत. हिशेब तपासण्याचे काम नारायणगावचे कृषी विज्ञान केंद्र किंवा तालुक्यातील महाविद्यालयांचे विद्यार्थी एका दुपारी करतील. खासगी कंपन्यांवर ही सक्ती करता येणार नाही, पण गिऱ्हाइकाला विचारणा करण्याचा हक्क आहे. प्लॉट किती होते, चिठ्ठ्या टाकल्या होत्या काय, आणि प्रत्येक प्लॉटाचा आकडा कुठे आहे, या तीन प्रश्नांची उत्तरे मिळेपर्यंत कोणत्याही शेतकऱ्याने सरासरीच्या जोरावर खिशातला रुपया काढू नये.