हिवाळी बागेची निवड

आपल्या महाराष्ट्रातील हिवाळा हा झाडे उघडी पाडणारा ऋतू नव्हे. पावसाची ओल जमिनीत अद्याप शिल्लक, ऊन सौम्य आणि रात्री दीर्घ, असा तो पुष्पसंभाराला अनुकूल काळ आहे. असे असूनही शहरांतील बहुसंख्य गृहस्थ आणि सार्वजनिक उद्यानांची व्यवस्था पाहणारी खातीदेखील दिवाळी सरताच पिटुनिया, पॅन्सी, साल्व्हिया यांची तयार रोपे खरेदी करतात, फाल्गुनात ऊन चढले की ती उपटून टाकतात, आणि पुढील साली त्याच खर्चाची तरतूद शिरस्त्याप्रमाणे पुन्हा मंजूर होते. ही फुले सुंदर नाहीत असे कोण म्हणेल? परंतु बागेचा मुख्य आधार ती होऊ शकत नाहीत. तो मान ज्यांचा स्वाभाविक बहर याच ऋतूत येतो आणि जी वर्षानुवर्षे टिकतात, अशा झाडाझुडपांचाच आहे.

त्यांत अग्रमान कुंदाचा. मोगरा विसावलेला असतो तेव्हा हे झुडूप शुभ्र फुलांनी भरून जाते. त्याचा गंध मंद असतो, हे खरे. पण दंतपंक्तीला ज्याच्या कळ्यांची उपमा संस्कृत कवींनी वारंवार दिली आणि मेघदूतातील अलकानगरीच्या स्त्रियांच्या केशकलापात कालिदासाने ज्याला स्थान दिले, ते फूल आज किती अंगणांत आढळते? पिवळी कोरांटी काटेरी म्हणून कुंपणावर हद्दपार झाली आहे. वस्तुतः पाण्याची इतकी थोडी अपेक्षा ठेवून इतके फुलणारे झुडूप विरळा.

शेवंतीविषयी मात्र सविस्तर सांगितले पाहिजे. रात्री लांबू लागल्याखेरीज ती कळ्या धरीत नाही. यास्तव रस्त्यावरचा किंवा व्हरांड्यातील दिवा रात्रभर जिच्यावर पडतो ती शेवंती नुसती पानेच वाढवीत राहते, आणि मालक विनाकारण खताला किंवा मातीला दोष देतो. पावसाळ्यात तिचे शेंडे खुडावेत, म्हणजे फांद्या वाढून फुले विपुल येतात. बहर ओसरल्यावर ती फेकू नये, कारण बुंध्यापासून फुटणाऱ्या काश्यांतूनच पुढील वर्षाची लागवड होते.

येथे देशी-विदेशी असा वाद मला उपस्थित करावयाचा नाही. शेवंती मूळची चीनची. पौषात कमानी केशरी फुलांनी झाकून टाकणारी संक्रांतवेल ब्राझीलची. झाडाचा जन्म कोठला याहून येथील हवापाण्याशी त्याचे कितपत जमते, हीच निवडीची खरी कसोटी होय.

नगरपालिकांच्या उद्यान-अधिकाऱ्यांना माझी विनंती आहे की, हंगामी रोपांसाठी राखून ठेवलेल्या रकमेचा निम्मा हिस्सा तरी येत्या अंदाजपत्रकात या कायमच्या लागवडीकडे वळवावा. आणि ज्यांच्या घराला हातभर अंगण आहे त्यांनी कुंदाच्या फांद्या व शेवंतीच्या काश्या मार्गशीर्षाची वाट न पाहता आषाढातच लावाव्यात.