मौनाचे मोल पौंडांत

मरिना अब्रामोविच हे नाव आपल्याकडील कलावर्तुळात मोठ्या भक्तिभावाने घेतले जाते. १९४६ साली बेलग्रेडमध्ये जन्मलेल्या या बाईंनी आयुष्यभर स्वतःच्या देहालाच कलाकृती मानले. १९७४ मध्ये नेपल्स येथे मेजावर ७२ वस्तू मांडून त्या सहा तास निश्चल उभ्या राहिल्या आणि आपल्या देहाचे हवे ते करण्याची मुभा त्यांनी प्रेक्षकांना दिली. सुसंस्कृत युरोपीय प्रेक्षकांनी त्यांची वस्त्रे फाडली, त्यांच्यावर पिस्तूलही रोखले. हे धाडस नाकारण्याचे कारण नाही.

पुढे ऐंशीच्या दशकात जोडीदार उलाय यांच्यासह त्या बोधगयेस आल्या, विपश्यना शिकल्या. १९८१ ते १९८७ या काळात या जोडीने मौन पाळून, निराहार, समोरासमोर बसून प्रयोग केले. २००२ मध्ये न्यूयॉर्कच्या एका कलादालनात बाई १२ दिवस केवळ पाण्यावर राहिल्या. २०१० मध्ये तेथीलच आधुनिक कला संग्रहालयात ७०० तासांहून अधिक काळ अबोल बसल्या. मौन, उपवास, स्थिर आसन, स्थिर दृष्टी! ही शिदोरी कोठली, हे विवेकच्या वाचकांना सांगावयास नको. त्यांच्या पद्धतीत तांदूळ आणि मसूर वेगळे करून दाणे मोजत तासन्‌तास बसणे हीही एक साधना आहे. माजघरात सूप घेऊन बसणाऱ्या आमच्या आज्यांना कुणी कलावंत म्हटले नाही, हा भाग वेगळा.

बाईंनी पूर्वेचे ऋण लपविलेले नाही, हे प्रांजळपणे नोंदविले पाहिजे. आक्षेप आहे तो त्या ऋणाच्या पुढील प्रवासाला. ‘कलावंत उपस्थित आहे’ अशी ज्या कलेची प्रतिज्ञा, तिच्यात २०१९ साली लंडनमध्ये कलावंत उरलाच नाही. डोळ्यांवर यंत्र चढविलेल्या प्रेक्षकांना १९ मिनिटे दिसली ती बाईंची संगणकीय छाया. २०२२ मध्ये जुन्या चित्रफितीच्या चौकटी सुट्या करून ‘एनएफटी’ म्हणून विकावयास निघाल्या. २०२४ मध्ये दीर्घायुष्याचे थेंब बाजारात आले, एका बाटलीस ९९ पौंड! देहाच्या कसोटीतून जे मिळविले, त्याची अखेर दुकानाच्या फळीवर व्हावी?

कसारा घाट चढला की इगतपुरी लागते. १९७६ पासून तेथे सत्यनारायण गोएंकांच्या परंपरेतील विपश्यना केंद्र आहे. दहा दिवसांचे शिबिर, कडक मौन. शिकवणीचे, निवासाचे, भोजनाचे शुल्क शून्य. दान घ्यावयाचे तेही शिबिर पूर्ण केलेल्या साधकाकडूनच, इतरांकडून नव्हे. हा नियम घालणाऱ्याला मौनाची किंमत कळली नव्हती, की नको तितकी कळली होती?

पण आमच्या कलासमीक्षकांना हेच मौन न्यूयॉर्कचा शिक्का घेऊन परत यावे लागते, मग ते ‘समकालीन’ ठरते. कलाविद्यालयांच्या सहली परदेशी प्रदर्शने पाहावयास खुशाल जावोत. मुंबईहून इगतपुरीला जाणारी गाडी मात्र रोज सुटते.