बढतीची परीक्षा आणि पात्रतेची मेख

तळच्या कर्मचाऱ्याला वर चढता यावे म्हणून खात्यांतर्गत बढती परीक्षा असते, असे प्रशासन सांगते. पण या वाटेच्या तोंडाशी पात्रतेच्या अटींचे फाटक आहे. सेवा किती वर्षांची, कोणत्या पदावरची आणि कोणत्या तारखेपर्यंत मोजायची? या तीन प्रश्नांची उत्तरे नियमांत संदिग्ध राहिली, की परीक्षेचा निकाल परीक्षागृहात न लागता न्यायालयात लागतो. आधी न्यायाधिकरण, १९९७ च्या निर्णयानंतर त्यावर उच्च न्यायालय आणि शेवटी सर्वोच्च न्यायालय. अर्जदाराला तात्पुरते परीक्षेस बसू द्यावे, निकाल मोहोरबंद ठेवावा, असे अंतरिम आदेश निघतात. पाकीट उघडेपर्यंत उमेदीची वर्षे सरून जातात.

अनुभवाची अट मुळातच गैर आहे, असे कोणी म्हणणार नाही. प्रश्न ती कशी लावली जाते, हा आहे. खुद्द न्यायाधीशांचेच उदाहरण पाहावे. जिल्हा न्यायाधीशांची २५ टक्के पदे मर्यादित स्पर्धा परीक्षेतून भरावीत, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये ठरविले. पात्रतेसाठी दिवाणी न्यायाधीश (वरिष्ठ स्तर) या पदावर पाच वर्षांची सेवा आवश्यक होती. पुरेसे उमेदवार मिळेनात आणि जागा रिकाम्या राहू लागल्या. तेव्हा २०१० मध्ये अट सैल झाली नाही. परीक्षेचा वाटाच १० टक्क्यांवर आला. मे २०२५ मध्ये न्यायालयाने तो पुन्हा २५ टक्के केला आणि वरिष्ठ स्तरावरील सेवेची अट तीन वर्षांवर आणली, मात्र एकूण सेवा सात वर्षांची हवी. न्यायदान करणाऱ्यांनाच आपल्या परीक्षेची अट दुरुस्त व्हायला इतकी वर्षे लागली, तर टपाल कचेरीतल्या कारकुनाने काय आशा धरावी?

अशा दाव्यांत बहुधा कामगाराविरुद्ध कामगारच उभा ठाकतो. ग्रामीण डाक सेवक परीक्षा देऊन पोस्टमन झाला, तर ती बढती की थेट भरती, हा केरळमधील वाद २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. ती थेट भरतीच होय, म्हणून इतर मागासवर्गीयांचे आरक्षण तेथे लागू होते, असा निर्णय झाला. निर्णय सामाजिक न्यायाच्या बाजूचा होता. परंतु नियम आरंभीच निःसंदिग्ध असता, तर तुटपुंज्या मोबदल्यावर राबणाऱ्या सेवकांना एकमेकांविरुद्ध वकील देण्याची पाळी आली नसती.

कायद्याने दिलेले संरक्षणही नीट जोखले पाहिजे. निवड प्रक्रिया सुरू झाल्यावर, नियमांतच तशी मुभा नसेल तर, पात्रतेचे निकष मध्येच बदलता येत नाहीत, हे घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये स्पष्ट केले. हे स्वागतार्ह आहे. मात्र मे २०२२ च्या निर्णयाने १९८३ पासूनचा एक आधार काढून घेतला आहे. जागा जुन्या नियमांच्या काळात रिकामी झाली, तरी ती त्याच नियमांनी भरावी असा हक्क आता राहिलेला नाही. विचार होईल त्या दिवशी जो नियम अमलात असेल, तोच लागू. याचा व्यवहारातील अर्थ असा, की परीक्षा लांबवली की जुन्या नियमाने पात्र असलेला माणूस नव्या नियमाने बाहेर पडू शकतो. दिरंगाई नोकरशाहीची, भुर्दंड मात्र कर्मचाऱ्याला!

म्हणून कर्मचारी संघटनांनी एकेका सभासदाच्या दाव्यासाठी वर्गणी गोळा करण्यावरच समाधान मानू नये. परीक्षा दरवर्षी ठरलेल्या महिन्यात व्हावी. पात्रतेची तारीख नियमातच नमूद असावी. नियम बदलण्यापूर्वी मसुदा संघटनांपुढे यावा. आणि खात्याच्या विलंबामुळे कोणाची पात्रता जाऊ नये, अशी तरतूद नियमांतच व्हावी. या चार मागण्या वाटाघाटीच्या मेजावर ठेवल्या पाहिजेत. न्यायालय नियमाचा अर्थ लावते. नियम लिहिताना आपला आवाज उमटवणे हे संघटनेचे काम आहे.