अश्वगंधेला ‘इंडियन जिनसेंग’ का म्हणायचे?

श्रावणातील शनिवारी छत्रपती संभाजीनगरहून खुलताबादच्या भद्रा मारुतीकडे पायी निघणाऱ्या भाविकांची रात्रभर रीघ लागलेली असते. दौलताबादचा किल्ला मागे पडला की घाटाची चढण सुरू होते. या परिसरातील पडीक जमिनीत, बांधांवर आणि मुरमाड उतारांवर कमरेएवढे वाढणारे एक झुडूप आहे. पानांवर राखाडी मऊ लव, आणि फळे धरली की कागदी फुग्यासारख्या आवरणात गुंजेएवढे लालभडक मणी. जुनी माणसे त्याला आस्कंद म्हणतात, कोणी ढोरगुंज म्हणते. संस्कृतात हीच अश्वगंधा. ओल्या मुळाला घोड्याच्या अंगासारखा वास येतो म्हणून हे नाव. चरकसंहितेने तिला बल्य आणि बृंहणीय या दोन्ही गणांत स्थान दिले आहे. मराठीतही तिची माहिती दुर्मीळ नाही, डॉ. वामन गणेश देसाई यांचा ‘औषधीसंग्रह’ १९२७ पासून उपलब्ध आहे.

हे झुडूप ओलांडून गेलेला यात्रेकरू शहरात परतला की दुकानातून शक्तिवर्धक गोळ्यांची डबी आणतो. डबीवर ठळक अक्षरांत ओळख छापलेली असते, ‘इंडियन जिनसेंग’. आणि खाली बारीक अक्षरांत, ‘विथॅनोलाइड्स ५ टक्के’. तीन हजार किलोमीटरहून दूरच्या देशातील एका मुळाच्या नावावरून तो आपल्या बांधावरील मुळाची पारख करतो, आणि त्यातील गुणकारी द्रव्य एका इंग्रज भूशास्त्रज्ञाच्या नावाने ओळखतो. हे दुसरे विधान कोणाला अतिशयोक्त वाटेल. ते अक्षरशः खरे आहे.

प्रथम जिनसेंगचे पाहू. चिनी भाषेत या मुळाला ‘रेन-शेन’ म्हणतात. ‘रेन’ म्हणजे माणूस. हातपाय फुटल्यासारखा आकार म्हणून माणसाचे मूळ. पियर जार्तू या जेझुइट पाद्र्याने मांचुरियात ते पाहिले आणि १७११ साली पत्र लिहून युरोपला कळविले. ते पत्र वाचून लाफितो या दुसऱ्या पाद्र्याने १७१६ मध्ये कॅनडात त्याच कुळातील वनस्पती हुडकली आणि अमेरिकेचा माल चीनला जाऊ लागला. लिनियसने या प्रजातीला ‘पॅनॅक्स’ असे ग्रीक वळणाचे नाव दिले. त्याचा अर्थ सर्वरोगहारी. म्हणजे शास्त्रीय नाव युरोपचेच पडले. इथवर जिनसेंगची आणि अश्वगंधेची कथा सारखीच आहे.

फरक पडला तो पुढे. या मुळातील कार्यकारी द्रव्य कोणते, याचा शोध सुरू झाला तेव्हा १८५४ मध्ये गॅरिग्ज या अमेरिकी रसायनज्ञाने अमेरिकी जातीतून एक द्रव्य वेगळे काढले आणि त्याला ‘पॅनाक्विलॉन’ म्हटले. नाव लॅटिनवरून घडविलेले. सुमारे एका शतकानंतर व्लादिवोस्तोक येथे एल्याकोव्ह यांनी या मुळातील शर्करायुक्त द्रव्यांना ‘पॅनॅक्सोसाइड’ असे नाव दिले. तेही लॅटिनवरूनच. त्याच काळात टोकियो विद्यापीठात शोजी शिबाता आणि त्यांचे सहकारी याच द्रव्यांवर काम करीत होते. क्रोमॅटोग्राफीच्या पट्टीवर खालून वर जशी ती द्रव्ये दिसली तशी त्यांनी त्यांना अक्षरे लावली, एकेकाची संरचना निश्चित केली, आणि संपूर्ण कुटुंबाला नाव दिले ‘जिन्सेनोसाइड’. पूर्वेच्या लोकव्यवहारातील शब्द त्यांनी रसायनशास्त्राच्या प्रत्ययाला जोडला. आज जगातील कोणत्याही प्रयोगशाळेत हाच शब्द चालतो. ‘पॅनाक्विलॉन’ इतिहासजमा झाला. कोणाच्या कृपेने हे घडले नाही. शिबातांच्या प्रयोगशाळेने काम अधिक नेटाने केले आणि ज्याने काम केले त्याचा शब्द राहिला.

शब्द राहिला, तशी त्याची राखणही झाली. २००२ साली अमेरिकेने शेतीविषयक कायद्यात तरतूद केली की पॅनॅक्स प्रजातीखेरीज अन्य कोणत्याही वनस्पतीला विक्रीच्या वेष्टनावर ‘जिनसेंग’ म्हणता येणार नाही. गंमत अशी की, त्याच कायद्याने ‘कॅटफिश’ हे नाव कोणत्या माशाला लावावे हेही ठरवून टाकले! विस्कॉन्सिनमधील जिनसेंग उत्पादकांना आपल्या मालाचे नाव दुसऱ्याने वापरलेले नको होते. ‘सायबेरियन जिनसेंग’ म्हणून खपणाऱ्या झुडपाला तेव्हापासून तेथे ‘एल्युथेरो’ म्हणावे लागते. पुढे २०१५ मध्ये कोडेक्स या आंतरराष्ट्रीय अन्नमानक संस्थेने जिनसेंगच्या उत्पादनांचे जागतिक मानक स्वीकारले आणि त्यात विशिष्ट जिन्सेनोसाइड असलेच पाहिजेत अशी अट घातली. या मानकामागे कोरियाचा वर्षानुवर्षांचा पाठपुरावा होता.

तेव्हा ‘इंडियन जिनसेंग’ ही बिरुदावली किती हास्यास्पद आहे, हे लक्षात यावे. ज्या बाजारपेठेला भुलविण्यासाठी ती घेतली, त्या बाजारपेठेत ती वेष्टनावर छापताच येत नाही. तेथील दुकानांत गेल्या काही वर्षांत ज्या वनौषधींची विक्री झपाट्याने वाढली त्यांत अश्वगंधा अग्रभागी आहे, आणि तिथला गिऱ्हाईक अडखळत का होईना ‘अश्वगंधा’ असेच म्हणतो. शिकागोतील माणूस संस्कृत शब्द शिकला. पैठण गेट परिसरातील दुकानदार मात्र गिऱ्हाइकाला अजून जिनसेंगची उपमा देऊन समजावतो.

आता अश्वगंधेतील द्रव्याच्या नावाकडे वळू. लिनियसने १७५३ मध्ये या झुडपाला ‘सोम्निफेरा’, म्हणजे निद्रादायिनी, असे विशेषण दिले. १८२५ च्या सुमारास पोकी या फ्रेंच वनस्पतिज्ञाने ‘विथानिया’ ही प्रजाती मांडली. हे नाव हेन्री विथॅम या इंग्रज गृहस्थाच्या सन्मानार्थ दिल्याचे सांगितले जाते. हा विथॅम दगड झालेल्या प्राचीन लाकडांचा अभ्यासक होता. शास्त्रज्ञ म्हणून तो आदरणीयच. पण अश्वगंधेशी त्याचा संबंध काय? तरीही ‘विथानिया’तून ‘विथाफेरिन’ आले, ‘विथॅनोलाइड’ आले, आणि आज आयुर्वेदाच्या महाविद्यालयातील विद्यार्थीसुद्धा अश्वगंधेचे सामर्थ्य विथॅमच्या नावाने मोजतो. निद्रावस्थेतील मारुतीच्या गावी निद्रादायिनी उगवते हा योगायोग गमतीचा आहे. झोपलेले मात्र कोणी वेगळेच आहेत.

या नामकरणाचा दोष परकीयांवर ढकलून मोकळे होण्याची एक सवय आपल्याकडे आहे. ती येथे उपयोगाची नाही. अश्वगंधेच्या पानांतील जंतुनाशक द्रव्याविषयीचा पी. ए. कुरुप यांचा निबंध १९५६ मध्येच बंगळुरूच्या ‘करंट सायन्स’मध्ये प्रसिद्ध झाला होता. हा प्रारंभ भारतीय होता. परंतु द्रव्याला नाव देऊन त्याची संरचना उलगडण्याचे काम १९६० च्या दशकात इस्रायलमधील डेव्हिड लावी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केले. तेथेही हे झुडूप रानात उगवते. त्यांनी त्याची उपेक्षा केली नाही. त्यांच्याकडे ‘अश्वगंधा’ या शब्दाची परंपरा नव्हती, म्हणून त्यांनी लॅटिन नावावरून शब्द घडविला. यात कोणी कोणाचे काही चोरले नाही. आपण रिकामी ठेवलेली जागा दुसऱ्याने भरली, एवढेच.

जागा भरता येते याचे पुरावेही घरातच आहेत. सलीमुझ्झमान सिद्दीकी यांनी १९३१ मध्ये सर्पगंधेतून अल्कलॉइड वेगळे केले आणि आपले आश्रयदाते हकीम अजमल खान यांच्या नावावरून त्याला ‘अजमलीन’ म्हटले. हृदयविकाराच्या औषधांत तो शब्द जगभर गेला. पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेत दीर्घकाळ काम केलेल्या सुखदेव यांच्या गटाने १९७२ मध्ये गुग्गुळाच्या रसायनावरील निबंध प्रसिद्ध केला. त्या संशोधनातील ‘गुग्गुलस्टेरोन’ या शब्दात आपला गुग्गुळ जसाच्या तसा आहे. अश्वगंधेच्या बाबतीतही २००६ मध्ये सुब्बराजू आणि सहकाऱ्यांनी मुळांतून मिळालेल्या एका नव्या द्रव्याला ‘अश्वगंधानोलाइड’ असे नाव दिले. आणि पांढऱ्या मुसळीच्या एका जातीचे शास्त्रीय नाव तर ‘बोरिविलियानम’ आहे; मुंबईचे बोरिवली लॅटिनमध्ये जाऊन बसले! (याच मुसळीला पुढे ‘भारतीय जिनसेंग’ म्हणून मिरविले गेले आणि २००० नंतरच्या काही वर्षांत महागडे बेणे विकत घेतलेले महाराष्ट्रातील कितीतरी शेतकरी बाजार कोसळताच बुडाले. उसन्या नावाची झळाळी किती टिकते, हे त्यांना विचारावे.)

“नावात काय आहे? गुण आला म्हणजे झाले,” असे म्हणणारे व्यवहारी लोक पुष्कळ आहेत. त्यांनी डबीवरील ती बारीक ओळ पुन्हा वाचावी. ‘विथॅनोलाइड्स ५ टक्के’ असे तीत लिहिले आहे; मूळ किती, पान किती, हे त्या आकड्यावरून कळत नाही. आयुर्वेदात पोटात घेण्यासाठी प्रामुख्याने वापरले जाते ते मूळ. पानांचा उपयोग मुख्यत्वे बाह्य लेपासाठी सांगितला जातो. पण विथॅनोलाइड पानांतही असतात, आणि विथाफेरिन-ए हे पेशींना मारक असलेले द्रव्य तर पानांत विशेष आढळते. मूळ मिळवायचे तर संपूर्ण झाड उपटावे लागते, ते वाळवावे लागते, त्याची प्रतवारी करावी लागते. नीमच-मंदसौरकडील शेतकऱ्याला त्याचा दाम द्यावा लागतो. पाला मात्र जवळजवळ फुकट. खरेदीदार ‘अश्वगंधेचे मूळ’ न मागता ‘विथॅनोलाइडचे टक्के’ मागू लागला, तेव्हा पाल्याचा अर्क मिसळून टक्के भरून देणारेही निघाले. आकडा खरा, माल मात्र परंपरेने सांगितलेला नव्हे.

हा प्रकार इतका वाढला की ऑक्टोबर २०२१ मध्ये केंद्रीय आयुष मंत्रालयाला औषध उत्पादकांना लेखी सूचना द्यावी लागली की, अश्वगंधेच्या पानांचा वापर टाळा. २०२३ मध्ये डेन्मार्कने अश्वगंधेवर बंदीच घातली. गर्भावर, तसेच थायरॉइड व लैंगिक संप्रेरकांवर होऊ शकणारे परिणाम हे त्यामागील कारण. यकृताला इजा झाल्याच्या काही घटनाही वैद्यकीय नियतकालिकांत नोंदल्या गेल्या आहेत. या आक्षेपांना ‘हा आयुर्वेदाविरुद्धचा कट आहे’ एवढेच उत्तर देणाऱ्यांनी अश्वगंधेचे भले केलेले नाही. उत्तर द्यायचे तर ते मूळ कोणते, पान कोणते, मात्रा किती आणि कोणाला वर्ज्य, या तपशिलानेच देता येईल. आणि तो तपशील ‘विथॅनोलाइड’ या एका शब्दाच्या पोटात मावत नाही. आयुर्वेदाने द्रव्याचा विचार रस, गुण, वीर्य, विपाक आणि प्रभाव असा केला. तो एका रेणूच्या टक्क्यात कोंबला की औषध उरत नाही, केवळ कच्चा माल उरतो. रेणूचे मोजमाप नको असे येथे म्हणणे नाही. हळदीचे एकस्व १९९७ मध्ये अमेरिकेत रद्द झाले ते डॉ. रघुनाथ माशेलकर यांच्या नेतृत्वाखालील वैज्ञानिक परिषदेने लेखी पुरावे काढून टेबलावर ठेवले म्हणून. नुसत्या अभिमानाने ते रद्द झाले नसते. अश्वगंधेलाही असेच कष्ट हवे आहेत.

मारुतीने द्रोणागिरी उचलून आणला, कारण त्याला संजीवनी ओळखता आली नाही. पर्वत आणल्यावर सुषेणाने ती ओळखली. खुलताबादच्या टेकड्या जागच्या जागी आहेत; सुषेणाचे काम तेवढे करायचे आहे. त्याची सामग्रीही दूर नाही. व्ही. एन. नाईक यांचा मराठवाड्यातील वनस्पतींवरील दोन खंडांचा इंग्रजी ग्रंथ १९९८ मध्ये याच जिल्ह्याच्या शहरातून प्रसिद्ध झाला. तालुक्यातील किती शाळांच्या कपाटात तो आहे? आणि त्यातील माहिती मराठीत उतरवून नववी-दहावीच्या मुलांना बांधावर नेणारे शिक्षक किती?

आयुर्वेदीय औषधाच्या वेष्टनावर वनस्पतीचे नाव आणि तिचा कोणता भाग वापरला हे छापण्याचा नियम आहे. पुढच्या वेळी डबी हातात आली की ‘मूळ’ हा शब्द शोधावा आणि नसेल तर दुकानदाराला विचारावे. दहा गिऱ्हाइकांनी विचारले तर अकराव्या डबीवर तो येईल. श्रावणात भद्रा मारुतीच्या वाटेवर चहा-फराळाचे मंडप ठिकठिकाणी उभे असतात, सेवेकरी रात्रभर जागतात. त्यांतल्या एखाद्या मंडपाशेजारी, जेथे हे झुडूप उभे असेल तेथे, एक फलक लावायला फारसा खर्च येत नाही. त्यावर चार ओळी पुरतात: अश्वगंधा, मराठवाड्यात आस्कंद. औषधात मूळ. पान पोटात घेऊ नये. गर्भवतीने वैद्याला विचारल्याशिवाय काहीच घेऊ नये.