गोल एकाचा, कॉर्नर तिघांचा

हॉकी इंडिया लीगचा हंगाम 1 फेब्रुवारीला संपला. राउरकेल्याच्या बिरसा मुंडा स्टेडियमवर अंतिम सामन्यात श्राची राढ बंगाल टायगर्सने हैदराबाद तूफान्सला 4-3 असे हरवले आणि विजेतेपद पटकावले. बंगालच्या चार गोलांपैकी तीन एकट्या जुगराज सिंगचे होते. आपल्या किती घरांत हा सामना पाहिला गेला? क्रिकेटचा साधा सराव सामना असला तरी आपली मुले टीव्हीसमोरून हलत नाहीत. हॉकीचा निकाल मात्र वर्तमानपत्राच्या कोपऱ्यात शोधावा लागतो.

ही लीग तब्बल सात वर्षांनी परत आली. 2013 ते 2017 अशी पाच वर्षे ती चालली आणि नंतर बंद पडली. तेव्हा मुंबईचाही संघ होता. आधी मुंबई मॅजिशियन्स, मग दबंग मुंबई. 2017 मध्ये दबंग मुंबई अंतिम फेरीपर्यंत पोहोचली आणि कलिंग लान्सर्सकडून हरली. या वेळी पुरुषांचे आठ संघ उतरले, पण महाराष्ट्राच्या नावाचा त्यांत एकही नव्हता. ज्या राज्यातल्या खडकीने धनराज पिल्ले दिला, त्या राज्याची ही गत.

महिलांची लीग मात्र यंदा पहिल्यांदाच झाली आणि तिथे महाराष्ट्राचे नाव झळकले. 26 जानेवारीला रांचीत ओडिशा वॉरियर्सने सूरमा संघाला 2-1 ने हरवले. विजेत्यांचे दोन्ही गोल आपल्या ऋतुजा पिसाळने केले. राज्याचा संघ असो वा नसो, मुलीने मेहनत केली तर तिची जागा तीच तयार करते. ज्या घरांत "मुलगी मैदानावर कशाला?" असे विचारले जाते, त्यांनी एवढे लक्षात ठेवावे की प्रेषितांनी (स.) हजरत आयशा (रजि.) यांच्याबरोबर धावण्याची शर्यत लावल्याची नोंद हदीसमध्ये आहे. पोशाखाची आणि पर्द्याची मर्यादा सांभाळून खेळायची सोय कशी करता येईल, हे शाळेशी बोलून ठरवता येते. विचारायच्या आधीच दार लावून घेऊ नये.

आता पालकांचा नेहमीचा प्रश्न. खेळून पोट भरते का?

उत्तर दोन्ही बाजूंनी द्यावे लागेल. लिलावात हरमनप्रीत सिंगला 78 लाख रुपये मिळाले. विजेत्या संघाला तीन कोटींचे बक्षीस होते. प्रत्येक संघात 24 खेळाडू, त्यांत किमान 16 भारतीय आणि त्यांतही चार ज्युनियर असलेच पाहिजेत, असा नियम होता. ही शेवटची गोष्ट मला पैशांपेक्षा मोठी वाटते. अठरा-एकोणीस वर्षांचा मुलगा महिनाभर ऑलिंपिक पदकविजेत्यांबरोबर जेवतो, सराव करतो, त्यांच्या चुकाही जवळून पाहतो. असे शिक्षण कोणत्याही क्लासमध्ये मिळत नाही.

पण दुसरी बाजूही पाहा. 2017 मध्ये जो मुलगा सोळा वर्षांचा होता, तो लीग परत येईपर्यंत तेवीसचा झाला. ज्या वयात पाय सर्वांत जास्त धावतात, ती वर्षे त्याला लीगविना काढावी लागली. त्यात त्याचा काय दोष? मोठ्यांच्या हिशोबात एखादी स्पर्धा बसली नाही की ती बंद होते, आणि किंमत मुले मोजतात. म्हणून लीगच्या भरवशावर पुस्तके माळ्यावर टाकणे शहाणपणाचे नाही.

याबाबत आपल्याकडे उदाहरणे आहेत. 1980 च्या मॉस्को ऑलिंपिकमध्ये सुवर्णपदक जिंकलेल्या संघात बनारसचे मोहम्मद शाहिद आणि अलीगढचे जफर इक्बाल ही जोडी होती. जफर इक्बाल अलीगढ मुस्लिम विद्यापीठात इंजिनियरिंग शिकले आणि 1984 च्या ऑलिंपिकमध्ये देशाचे कर्णधार झाले. शाहिदभाईंना रेल्वेची नोकरी होती. तेव्हा लीग नव्हती, लिलाव नव्हता. शिक्षण आणि नोकरी यांच्या आधारावर खेळ उभा होता. आजही रेल्वे, सैन्यदले आणि तेल कंपन्या खेळाडूंना नोकऱ्या देतात. जुगराज स्वतः नौदलात आहे. अटारी सीमेवर हमालाचे काम करणाऱ्या बापाचा हा मुलगा लहानपणी तिथेच झेंडे आणि पाण्याच्या बाटल्या विकत होता.

जुगराजची खासियत पेनल्टी कॉर्नर. तो मुलांना नीट समजावून सांगण्यासारखा आहे. एक खेळाडू गोलरेषेवरून चेंडू ढकलतो. दुसरा अर्धवर्तुळाच्या बाहेर स्टिक आडवी धरून तो अडवतो. तिसरा तो ओढून गोलात भिरकावतो, त्याला ड्रॅग फ्लिक म्हणतात. समोरून गोलरक्षकासह पाच बचावपटू अंगावर धावून येत असतात. ढकलणाऱ्याची दिशा थोडी चुकली किंवा अडवणाऱ्याची स्टिक जराशी उचलली गेली, तर तिसऱ्याच्या मनगटात कितीही ताकद असून उपयोग नाही. धावफलकावर मात्र नाव एकाचेच लागते.

घरातही असेच चालते. दहावीत नव्वद टक्के मिळवणाऱ्या मुलाचा फोटो बॅनरवर येतो. पहाटे उठून डबा करणारी अम्मी आणि दुकान सांभाळून फी भरणारे अब्बा बॅनरवर नसतात. आपल्या मुलाला पहिल्या दिवसापासून फक्त तिसरा खेळाडू व्हायचे असते, आणि बहुतेक वेळा आपणच त्याला तसे शिकवतो. "किती गोल केलेस?" असे विचारतो, "कोणाला पास दिलास?" असे विचारत नाही. जमातीच्या नमाजमध्ये आपण रांग सरळ करतो, खांद्याला खांदा लावतो. तीच तरबियत मैदानावर उतरायला हवी.

आणखी एक गोष्ट या खेळात शिकण्यासारखी आहे. हिरवे कार्ड मिळाले की खेळाडू दोन मिनिटे बाहेर बसतो आणि त्याच्या चुकीपायी संपूर्ण संघ एक माणूस कमी घेऊन खेळतो. रागाचा हिशोब एकट्यापुरता राहत नाही, हे शिकवायला मला वर्गात तासभर लागतो.

तर करायचे काय? नेहरू हॉकी स्पर्धेत तुमच्या मुलाची किंवा मुलीची शाळा उतरते का, हे मुख्याध्यापकांना विचारा. उतरत नसेल तर चार पालक मिळून अर्ज द्या. राज्याच्या क्रीडा प्रबोधिनीची निवड चाचणी कधी असते, हे जिल्हा क्रीडा कार्यालयात कळते. मोहल्ल्याच्या कमिट्या इफ्तारच्या दावतीवर जो खर्च करतात, त्यातून एका दावतीचा खर्च वाचवून डझनभर स्टिक्स घेता येतील. आणि अभ्यासाची वेळ व खेळाची वेळ घरातल्या भिंतीवर लिहून ठेवा. दोन्ही पाळली जातात की नाही, ते रोज पाहा.

रमजान तोंडावर आहे. रोज्याच्या दिवसांत असरनंतर मुले गल्लीत घोळका करून बसतात, मोबाईल फिरत राहतो. त्यापेक्षा तरावीहनंतर किंवा फजरनंतर अर्धा तास हलका सराव बरा. ईदनंतर मैदान आहेच, इन्शाअल्लाह.