वागानोवाबाईंचा वर्ग
या आठवड्यात ‘रोमिओ आणि ज्युलिएट’ हा 1955चा सोव्हिएत बॅलेपट पुन्हा पाहिला, आणि नर्तिका गालिना उलानोवाच्या पायांऐवजी नजर तिच्या पाठीवरच खिळली. हात खांद्यातून नव्हे, थेट पाठीतून उमलतात! ही करणी तिच्या शिक्षिका अग्रिपिना वागानोवाबाईंची. सेंट पीटर्सबर्गच्या मारिन्स्की नाट्यगृहात प्रेक्षकांना जागा दाखवणाऱ्या कर्मचाऱ्याची ही मुलगी, जन्म 1879चा. नाचायची उत्तम, पण प्रमुख नर्तिकेचा मान मिळाला 1915मध्ये आणि पुढच्याच वर्षी निवृत्ती. क्रांतीनंतर, बॅले म्हणजे झारशाहीचे चोचले असं म्हणणारे पुष्कळ असताना, बाईंनी शिकवायला घेतलं. फ्रेंच डौल, इटालियन ताकद आणि रशियन भाव यांची सांगड घालणाऱ्या आपल्या पद्धतीवर 1934मध्ये पुस्तक लिहिलं. सेम्योनोवा, उलानोवा, दुदिन्स्काया या सगळ्या नर्तिका त्यांच्याच वर्गातल्या. हालचाल नुसती जमून भागत नसे, ती कशी आणि का होते हे विद्यार्थिनीला उमगलंच पाहिजे, हा त्यांचा आग्रह. घोटून घेणारे गुरू आपल्याकडेही भरपूर आहेत, कारण उलगडून सांगणारे मोजके; म्हणून मी बाईंना त्यांच्या सगळ्या शिष्यांहून मोठं मानतो. त्या जिथे शिकल्या, त्या शाळेला 1957पासून त्यांचंच नाव आहे.