पडद्यावरचे घटनातज्ज्ञ

२९ ऑगस्ट २०२३ रोजी अंबड तालुक्यातील अंतरवाली सराटी येथे मनोज जरांगे पाटील यांचे उपोषण सुरू झाले. १ सप्टेंबरला तेथे लाठीमार झाला आणि जालना जिल्ह्यातील हे लहानसे गाव राज्यभर माहीत झाले. पुढे कित्येक दिवस वृत्तवाहिन्यांवर मागणी करणारे आणि विरोध करणारे यांचीच गर्दी होती. त्या गदारोळात कायदा काय म्हणतो, एवढेच सांगणारा आवाज विरळा. पुण्याचे घटनातज्ज्ञ प्रा. उल्हास बापट यांचा आवाज त्यांपैकी एक.

पन्नास टक्क्यांपलीकडचे आरक्षण न्यायालयात टिकणे अवघड, हे त्यांनी पुनःपुन्हा सांगितले. उपोषणाकडे आशेने पाहणाऱ्या जिल्ह्याला हे ऐकणे सोपे नव्हते. ही मर्यादा मूळ घटनेत लिहिलेली नव्हती. ती १९९२ च्या इंद्रा साहनी खटल्यात नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने घातली, आणि असाधारण परिस्थितीचा अपवादही ठेवला. याच कसोटीवर राज्याचा २०१८ चा मराठा आरक्षण कायदा ५ मे २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयात रद्द झाला.

कुणबी दाखल्याचा प्रश्न मात्र वेगळा आहे, आणि चर्चेत हे दोन प्रश्न सतत एकमेकांत मिसळले जात. कुणबी जात इतर मागासवर्गाच्या यादीत आधीपासूनच आहे. निजामकालीन दप्तरात नोंद सापडली, तर दाखला मिळाल्याने टक्केवारीची मर्यादा ओलांडली जात नाही. आहे त्या वाट्यात वाटेकरी वाढतात. म्हणूनच जून २०२४ मध्ये त्याच अंबड तालुक्यातील वडीगोद्री येथे लक्ष्मण हाके ओबीसींच्या बाजूने उपोषणाला बसले. दोन गावांतील दोन उपोषणे समजून घ्यायची, तर हा एक भेद पुरेसा आहे.

अडचण विद्वानापेक्षा माध्यमाची अधिक. निवेदक विचारतो, ‘टिकेल की नाही?’ उत्तराला मिनिटभर वेळ. प्रेक्षकाच्या लक्षात निकाल राहतो, कारण विसरले जाते. आर्थिक दुर्बल घटकांच्या १० टक्के आरक्षणाचेच पाहा. त्यामुळे एकूण टक्केवारी पन्नासच्या पुढे गेली, तरी ७ नोव्हेंबर २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ३ विरुद्ध २ मतांनी ते वैध ठरवले. खुल्या प्रवर्गातील, आपल्या समाजातीलही, अनेक कुटुंबांच्या मुलांना हा दाखला प्रवेशाच्या वेळी उपयोगी पडतो. तेव्हा मर्यादा आहे, पण ती कोणाला आणि कोणत्या कारणाने लागू होते, हे ऐकल्याशिवाय ‘टिकणार नाही’ हे वाक्य अपुरेच.

२०२२ मध्ये शिवसेना फुटली तेव्हाही बापटांनी दहावे परिशिष्ट उलगडून सांगितले होते: दोन तृतीयांश आमदारांनी एकाच वेळी बाहेर पडणे आणि दुसऱ्या पक्षात विलीन होणे, दोन्ही आवश्यक. या वाचनानुसार अपात्रता अटळ होती. प्रत्यक्षात विधानसभा अध्यक्षांनी १० जानेवारी २०२४ रोजी कोणत्याच गटाच्या आमदारांना अपात्र ठरवले नाही. मग तज्ज्ञांचे ऐकून काय मिळाले, असा प्रश्न काहींनी केला. घटनातज्ज्ञ हा काही ज्योतिषी नव्हे. अध्यक्षांचा निकाल वाचताना तो नेमका कोठे वेगळ्या वाटेने गेला, हे सामान्य माणसाला ओळखता आले ते त्या विवेचनामुळेच.

२० फेब्रुवारी २०२४ रोजी विधिमंडळाने मराठा समाजाला पुन्हा १० टक्के आरक्षण देणारे विधेयक संमत केले. त्या कायद्यालाही मुंबई उच्च न्यायालयात आव्हान देण्यात आले, आणि वाहिन्यांवर प्रश्न पुन्हा तोच आला: टिकेल की नाही?